‘फाइल नॉट फाउंड’ म्हणतंय, पण डीएलएल तर समोर दिसतेय

अक्कलकोट रोड एमआयडीसीतल्या एका टॉवेल कारखान्यातून मला वर्षभरात एकाच तक्रारीसाठी सहा वेळा फोन आला: काट्यावरचं वजन एक्सेलच्या शीटमध्ये घेणारं बटण बंद पडलंय. सहाही वेळा मी गेलो, दहा मिनिटांत चालू करून दिलं, चहा घेतला आणि निघालो. सातव्या वेळी मालक म्हणाले, “का ओ, तुम्ही दुरुस्त करताय का नुसतं हात लावून जाताय?” राग आला, पण बोलणं खोटं नव्हतं. त्या दिवशी ठरवलं की आज कारण सापडल्याशिवाय गाडीला किक मारायची नाही. जे सापडलं ते इथे लिहून ठेवतोय. सोलापुरात अशी शीट वापरणारे बरेच कारखाने आहेत आणि सगळीकडे उपाय एकच केला जातो: फाइल परत कॉपी करा.

आधी मांडणी सांगतो. पॅकिंगच्या टेबलाजवळ इलेक्ट्रॉनिक काटा, त्याची वायर कॉम्प्युटरला. एक्सेलच्या शीटमध्ये एक बटण, ‘वजन घ्या’. डझनाचा गठ्ठा काट्यावर ठेवून बटण दाबलं की वजन सेलमध्ये येऊन बसतं आणि शेजारच्या सेलमध्ये लांबी-रुंदीवरून जीएसएम, म्हणजे चौरस मीटरला किती ग्रॅम, निघतो. टेरी टॉवेलचा हिशोब शेवटी वजनावरच येतो. लूप थोडा उंच झाला की सूत जास्त जातं आणि ते पहिल्यांदा काट्यावरच कळतं. त्यामुळे हे बटण बंद पडलं की पॅकिंगची ताई वहीत हाताने लिहायला लागते आणि संध्याकाळी चलन करताना बोंबाबोंब होते.

एक्सेलला सिरियल पोर्टवरून काटा धड वाचता येत नाही. म्हणून काटा देणाऱ्याने सी भाषेत लिहिलेली एक छोटी डीएलएल, म्हणजे दुसऱ्या प्रोग्रामांना वापरता येणाऱ्या फंक्शनांची फाइल, दिली होती. तिला इथे ‘काटारीड’ म्हणू. बटणामागे जो मॅक्रो, म्हणजे एक्सेलमध्येच लिहिलेला छोटा प्रोग्राम असतो, त्यात वरच्या बाजूला एक ‘डिक्लेअर’ ओळ असते, ती एक्सेलला सांगते की अमुक नावाचं फंक्शन काटारीड.डीएलएल या फाइलमध्ये आहे, लागेल तेव्हा तिथून घे. बस्स, एवढंच. फाइल कुठल्या फोल्डरमध्ये आहे हे त्या ओळीत लिहिलेलं नव्हतं, फक्त नाव होतं. खरी गोम तिथेच होती, पण ते मला सात फेऱ्यांनी कळलं.

तक्रार अशी: बटण दाबलं की ‘रन-टाइम एरर ५३, फाइल नॉट फाउंड: काटारीड.डीएलएल’. फोल्डर उघडून बघावं तर शीटच्या शेजारी फाइल बसलेली. विंडोजच्या सिस्टिम३२ फोल्डरमध्येही तिचीच कॉपी, कारण काटेवाल्याने फोनवर तसंच सांगितलं होतं.

मालकांचं निदान वेगळं होतं. “लाइट जाऊन आली की बंद पडतंय बगा.” निरीक्षण अगदी बरोबर होतं, पण त्यावरून त्यांनी नवा यूपीएस घेतला. दोन दिवस चाललं, तिसऱ्या दिवशी पुन्हा ५३.

सातव्या फेरीला मी माऊसला हात लावला नाही. ताईंना म्हटलं, रोज सकाळी करता तसं करा, मी नुसता बघतो. त्यांनी एक्सेल उघडलं. समोर ‘रीसेंट’ची यादी आली, त्यात सगळ्यात वर पिन केलेली शीट. क्लिक. शीट उघडली. बटण. एरर ५३.

“आता दादा, तुम्ही करून दाखवा,” त्या म्हणाल्या. “तुम्ही आलात की चालतंय, तुम्ही गेलात की बंद.”

मी एक्सेल बंद केलं, परत उघडलं, फाइल मेन्यूतून ओपन, ब्राउझ, डी ड्राइव्ह, फोल्डर, शीट. बटण दाबलं. ११ किलो ४२० ग्रॅम. चाललं!

फरक एवढाच होता. मी प्रत्येक वेळी फोल्डरमध्ये डीएलएल आहे ना हे बघायच्या नादात ब्राउझ करून शीट उघडायचो. त्या रीसेंटमधून उघडायच्या. मी कॉपी केलेल्या फाइलमुळे कधीच काही दुरुस्त झालेलं नव्हतं.

हे असं का होतं? विंडोजला फक्त नाव दिलं की ती फाइल ठरलेल्या क्रमाने शोधते. पहिल्यांदा ज्या प्रोग्रामने मागितली त्याच्या फोल्डरमध्ये, म्हणजे जिथे एक्सेल स्वतः आहे तिथे. शीट जिथे आहे तिथे नव्हे! इथे बहुतेकांची गल्लत होते. मग सिस्टिमच्या फोल्डरमध्ये, मग विंडोजच्या फोल्डरमध्ये, त्यानंतर ‘करंट डिरेक्टरी’ म्हणजे तो प्रोग्राम त्या क्षणी ज्या फोल्डरमध्ये उभा आहे तिथे, आणि सगळ्यात शेवटी विंडोजच्या ‘पाथ’ नावाच्या यादीत लिहिलेल्या फोल्डरांमध्ये. एक्सेलमध्ये ब्राउझ करून फाइल उघडली की करंट डिरेक्टरी त्या फोल्डरवर सरकते. रीसेंटमधून उघडली तर ती सरकत नाही, एक्सेल आपलं डॉक्युमेंट्समध्येच उभं असतं. शीट डोळ्यांसमोर असते, पण एक्सेलच्या लेखी ते त्या फोल्डरमध्ये गेलेलंच नसतं.

आणि लाइटचं कोडं? डीएलएल एकदा मेमरीत आली की एक्सेल बंद होईपर्यंत तिथेच राहते. सकाळी पहिलं बटण चाललं की दिवसभर चालतं, मग करंट डिरेक्टरी कुठेही जाऊ दे. लाइट गेली, कॉम्प्युटर बंद पडला, परत चालू केल्यावर ताईंनी रीसेंटमधून शीट उघडली की पुन्हा पहिला शोध आणि पुन्हा ५३. यूपीएसमुळे एक्सेल दोन दिवस बंदच झालं नव्हतं, म्हणून दोन दिवस चाललं.

हे सगळं मी अंदाजाने बोलत नाही. कुठला प्रोग्राम कुठली फाइल मागतोय ते दाखवणारं, मायक्रोसॉफ्टच्या सिसइंटर्नल्स या साधनसंचातलं ‘प्रोसेस मॉनिटर’ फुकट मिळतं, ते लावून बघितलं. फिल्टरमध्ये प्रोसेसचं नाव एक्सेल आणि पाथच्या शेवटी काटारीड.डीएलएल एवढंच टाकलं आणि बटण दाबलं. पडद्यावर एकाखाली एक ओळी आल्या: ऑफिस१६ चा फोल्डर, ‘नेम नॉट फाउंड’. सिसवाव६४, नेम नॉट फाउंड. विंडोज, नेम नॉट फाउंड. डॉक्युमेंट्स, नेम नॉट फाउंड. डी ड्राइव्हवरच्या आमच्या फोल्डरचं तर नावच नाही. नवी पेठेत एखादं दुकान विचारत फिरावं आणि ते असावं चाटी गल्लीत, तसला प्रकार. ज्यांच्याकडे हा एरर वारंवार येतो त्यांनी आधी हे एकदा करून बघा. तर्क लढवण्यात जेवढा वेळ जातो त्याच्या दहाव्या हिश्शात उत्तर मिळतं.

त्या यादीतली दुसरी ओळ नीट बघा. फाइल सिस्टिम३२ मध्ये ठेवली होती आणि एक्सेल शोधत होतं सिसवाव६४ मध्ये. विंडोजची नावं इथे उलटी वाटतात. ६४-बिट विंडोजवर सिस्टिम३२ मध्ये ६४-बिट फाइली असतात आणि सिसवाव६४ मध्ये ३२-बिट. ३२-बिट प्रोग्रामने सिस्टिम३२ मागितलं तर विंडोज त्याला गुपचूप सिसवाव६४ कडे वळवते. या कारखान्यात विंडोज ६४-बिट आणि ऑफिस ३२-बिट. काटेवाल्याचा ‘सिस्टिम३२ मध्ये टाका’ हा सल्ला जुन्या ३२-बिट विंडोज ७ च्या मशीनवर अगदी बरोबर होता. मशीन बदललं, सल्ला तोच राहिला. तक्रारही नेमकी मशीन बदलल्यापासूनच सुरू झाली होती, पण ते आमच्यापैकी कुणाच्या डोक्यात आलं नाही.

मग सिसवाव६४ मध्ये टाकली असती तर? चाललं असतं. पण मी ते करत नाही. विंडोज नव्याने टाकली की ती फाइल जाणार आणि कुणाला आठवणारही नाही की इथे काही होतं. शीट आणि डीएलएल एकाच फोल्डरमध्ये असावीत आणि तो फोल्डर उचलून कुठेही ठेवला तरी चालावं, हे मला बरं वाटतं.

त्यासाठी उपाय असा. शीट उघडताना आपोआप चालणारा जो ‘वर्कबुक ओपन’चा मॅक्रो असतो, त्यात विंडोजच्याच कर्नल३२ मधलं ‘लोडलायब्ररी’ हे फंक्शन बोलवायचं आणि त्याला पूर्ण पत्ता द्यायचा: ‘धिसवर्कबुक.पाथ’, त्याला उलटी तिरकी रेघ आणि पुढे काटारीड.डीएलएल. एकदा त्या नावाची डीएलएल मेमरीत आली की पुढे डिक्लेअरच्या ओळीने नुसतं नाव घेतलं तरी विंडोज नव्याने शोधत बसत नाही, मेमरीत आहे तीच देते. मूळ मॅक्रोला हात लावावा लागत नाही. लोडलायब्ररीचं उत्तर ‘लाँगपीटीआर’ प्रकारात घ्या, ‘लाँग’मध्ये नको, म्हणजे उद्या ६४-बिटवर अडायला नको.

करंट डिरेक्टरी बदलणारं ‘सीएचडीर’ वापरूनही काम भागतं, पण ड्राइव्ह वेगळा असेल तर आधी ‘सीएचड्राइव्ह’ लागतं, आणि शीट नेटवर्कवरच्या दोन तिरक्या रेघांच्या पत्त्यावर असेल तर सीएचडीर तिथे जातच नाही. त्यामुळे लोडलायब्ररीच बरं.

एक फायदा आणखी. लोडलायब्ररीने शून्य दिलं तर लगेच पुढच्या ओळीत ‘एर.लास्टडीएलएलएरर’चा आकडा मेसेजमध्ये दाखवा. ५३ हा आकडा सगळ्याला एकच रडगाणं गातो, हा आकडा मात्र खरं बोलतो. १२६ आला तर ती फाइल किंवा तिला लागणारी दुसरी एखादी फाइल सापडत नाही. १९३ आला तर ३२ आणि ६४ ची गल्लत आहे. ५ आला तर परवानगी नाही. फोनवर ताईंनी नुसता आकडा सांगितला तरी मला घरबसल्या कळतं की जायचं की नाही.

हे करून आलो आणि आठवड्याने फोन. “परत बंद पडलंय.” आकडा विचारला तर १२६. गेलो तर मालकांच्या पुतण्याने फोल्डरचं नाव बदलून ‘टॉवेल वजन’ असं मराठीत केलेलं. आता यात पुतण्याचा काय दोष? मराठीत नाव ठेवलं तर चालायला पाहिजे. पण मी लोडलायब्ररीचा ‘ए’वाला, म्हणजे जुन्या अक्षरसंचाचा प्रकार वापरला होता. मॅक्रोतून मजकूर बाहेर जाताना त्याचं जुन्या संचात रूपांतर होतं, आणि देवनागरीला त्या संचात जागाच नाही, त्यामुळे प्रत्येक अक्षराचं प्रश्नचिन्ह झालं. विंडोज बिचारी प्रश्नचिन्हांचा फोल्डर शोधत बसली. उपाय म्हणजे ‘डब्ल्यू’वाला प्रकार घ्यायचा, पॅरामीटर लाँगपीटीआर ठेवायचा आणि पत्ता ‘एसटीआरपीटीआर’मधून द्यायचा. इंग्रजी मुलखात बसून उत्तरं लिहिणाऱ्यांना हा प्रश्न कधी पडत नाही, त्यामुळे शोधूनही चटकन सापडत नाही. आपल्याकडे मात्र हमखास पडतो.

तसाच दुसरा खड्डा वनड्राइव्हचा. शीट वनड्राइव्हशी जोडलेल्या डेस्कटॉपवर ठेवली असेल तर धिसवर्कबुक.पाथ ड्राइव्हचा पत्ता न देता वेबचा पत्ता देतं, आणि वेबच्या पत्त्यावरून डीएलएल उचलता येत नाही. फोल्डर सरळ डी ड्राइव्हवर ठेवा, विषय संपला.

आता त्याच कारखान्याच्या गोडाउनमधल्या दुसऱ्या मशीनकडे. तिथे प्रकार निराळाच होता. दुकानदाराने नवं मशीन दिलं, त्यात ऑफिस ६४-बिट. ऑफिस २०१० पासून ६४-बिट मिळतंय, पण २०१९ पासून काही न विचारता तेच बसतं, त्यामुळे हल्ली ही तक्रार वाढली आहे. शीट उघडताच मॅक्रो लाल झाला, ‘हा कोड ६४-बिटसाठी बदला’ म्हणून. डिक्लेअरच्या पुढे ‘पीटीआरसेफ’ हा शब्द घातला की ती लाल ओळ जाते, आणि लोकांना वाटतं झालं काम. नाही झालेलं. तो शब्द म्हणजे आपण एक्सेलला दिलेली नुसती ग्वाही आहे. त्याने डीएलएल बदलत नाही. ३२-बिट डीएलएल ६४-बिट एक्सेलमध्ये शिरत नाही, कुठल्याही फोल्डरमध्ये ठेवा, कितीही वेळा रजिस्टर करा. बटण दाबलं की पुन्हा ५३, नाहीतर ४८.

एक्सेल किती बिटचं आहे ते फाइल, अकाउंट, अबाउट एक्सेल इथे सगळ्यात वरच्या ओळीत लिहिलेलं असतं. आणि डीएलएल किती बिटची? त्यासाठी काही उतरवून घ्यायची गरज नाही. डीएलएलची कॉपी करा आणि ती कॉपी नोटपॅडमध्ये उघडा. सगळा कचरा दिसेल, घाबरू नका. सुरुवातीलाच ‘हा प्रोग्राम डॉसमध्ये चालत नाही’ अशा अर्थाचं एक इंग्रजी वाक्य वाचता येतं. त्याच्या थोडं पुढे ‘पी’ आणि ‘ई’ ही दोन मोठी अक्षरं जोडीने दिसतील. त्यांच्यानंतर थोडी जागा सोडून मोठा ‘एल’ असेल तर ३२-बिट. छोटा ‘डी’ असेल तर ६४-बिट. जुन्या नोटपॅडमध्ये त्या डीच्या पुढे क्रूसासारखी खूणही दिसते. बघून झालं की सेव्ह न करता बंद करा. मी कॉपी उघडायला सांगितलं ते याचसाठी, एकाने मूळ फाइलच सेव्ह करून ठेवली होती.

काटारीडमध्ये मोठा एल निघाला. ६४-बिट डीएलएल मागावी तर काटेवाल्याने धंदा गुंडाळलेला, आणि मूळ सी कोड कुणाकडे नाही. राहिला एकच रस्ता: ६४-बिट ऑफिस काढून ३२-बिट टाकणं. दोन्ही एकत्र बसत नाहीत, पण की तीच चालते. लाखो ओळींचा डेटा नसेल तर ३२-बिटने काही अडत नाही.

ऑफिस बदललं, लोडलायब्ररी लावलं, तरी गोडाउनमध्ये आकडा आला १२६. फाइल जागेवर, बिट जुळलेले, पत्ता पूर्ण, आणि तरी सापडत नाही! इथे १२६ चा दुसरा अर्थ लागू होता. सी मध्ये लिहिलेली डीएलएल बहुधा एकटी येत नाही, तिला व्हिज्युअल सी++ ची रनटाइम फाइल लागते, जसं व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल. पॅकिंगच्या मशीनवर ती दुसऱ्या कुठल्या तरी सॉफ्टवेअरबरोबर आधीच आलेली होती, नव्या मशीनवर नव्हती. एरर मात्र नाव घेतो आपल्याच डीएलएलचं. ‘डिपेंडन्सीज’ नावाचं एक फुकट साधन आहे, त्यात काटारीड उघडली की कुठली फाइल कमी आहे ते समोर दिसतं. जुनं ‘डिपेंडन्सी वॉकर’ विंडोज १० वर नको, ते नसलेल्या चुकाही दाखवतं.

कमी असलेली फाइल एखाद्या डीएलएल वाटणाऱ्या साइटवरून आणू नका, हात जोडून सांगतो. काय घेऊन येईल ते तुमचं तुम्हालाच माहीत नसतं. मायक्रोसॉफ्टचं रीडिस्ट्रिब्युटेबल पॅकेज उतरवा. २०१५ ते २०२२ पर्यंतच्या आवृत्त्यांना एकच चालतं, त्याआधीच्यांना ज्याचं त्याला वेगळं. आणि विंडोज ६४-बिट असली तरी डीएलएल ३२-बिट असेल तर एक्स८६ वालंच पॅकेज लागतं. दुकानदार हटकून एक्स६४ टाकतो. कमी फाइलच्या नावात १४० नंतर एक ‘डी’ चिकटलेला असेल तर मात्र पॅकेज शोधत बसू नका. बनवणाऱ्याने चाचणीची प्रत पाठवली आहे, त्याच्याकडून पक्की प्रत मागवा.

‘रेगएसव्हीआर३२ मारून बघा’ हा सल्ला तुम्हाला कुणी ना कुणी देणारच. ते कॉम प्रकारच्या, म्हणजे विंडोजमध्ये नोंदवाव्या लागणाऱ्या डीएलएलसाठी असतं, अशा साध्या डीएलएलसाठी नाही. पण मारलंच असेल आणि ‘मॉड्युल लोड झालं, पण डीएलएलरजिस्टरसर्व्हर सापडलं नाही’ असा निरोप आला तर वाईट वाटून घेऊ नका. त्यातली पहिली अर्धी ओळ कामाची आहे. फाइल धड आहे आणि लोड होतेय, एवढं त्यातून कळतं.

फाइल लोड झाल्यावरचे दोन आकडे वेगळे आहेत, ते पटकन सांगतो. ४५३ म्हणजे फाइल सापडली पण त्या नावाचं फंक्शन तिच्यात नाही. ३२-बिटमध्ये बऱ्याचदा नावाआधी खालची रेघ आणि मागे ॲट चिन्ह व आकडा लागलेला असतो, तो डिक्लेअर ओळीतल्या ‘अलायस’मध्ये जसाच्या तसा लिहावा लागतो. ४९ म्हणजे एक तर डिक्लेअर ओळीतले पॅरामीटर फंक्शनशी जुळत नाहीत, नाहीतर बनवणाऱ्याने फंक्शन बोलावण्याची ‘सीडेक्ल’ पद्धत वापरली आणि ३२-बिट एक्सेलला ‘एसटीडीकॉल’ पाहिजे. पॅरामीटर तुम्ही जुळवू शकता, पण पद्धतीचा घोळ असेल तर बनवणाऱ्याकडेच जावं लागेल.

उन्हाळ्यात एकदा डीएलएल खरोखरच गायब झाली. अँटिव्हायरसने अपडेटनंतर उचलून कोठडीत टाकली होती, कारण तिच्यावर कुणाची सही नाही. प्रोटेक्शन हिस्टरीतून परत आणली आणि तेवढ्या एका फाइलला सूट दिली, अख्ख्या ड्राइव्हला नाही.

आणि सगळं लोड होऊनही वजनाच्या जागी उणे १ येत असेल तर डीएलएलला बोल लावू नका. यूएसबी-टू-सिरियल वायर कुणीतरी दुसऱ्या खाचेत लावली असेल, पोर्टचा नंबर बदलतो. नंबर कॉम१० किंवा पुढचा झाला तर जुन्या डीएलएलला तो उघडताच येत नाही. डिव्हाइस मॅनेजरमध्ये जाऊन नऊच्या आतला नंबर द्या.

गोडाउनमधल्या कॅबिनेटवर आता मी चिकटपट्टीने एक कागद लावलाय. पुढचा फॉरमॅट मी मारीन की नवी पेठेतला दुसरा कुणी, त्याला दिसावा म्हणून मोठ्या अक्षरात: ‘ऑफिस ३२-बिटच टाकणे. व्हिज्युअल सी++ एक्स८६ टाकणे. डी ड्राइव्ह पुसू नये, काटारीडची दुसरी प्रत कुठेही नाही.’ शेवटचं वाक्य लिहून झाल्यावर मी स्वतःच एक प्रत पेनड्राइव्हवर घेतली आणि मालकांच्या तिजोरीत ठेवायला दिली.